भेटीचं रडणं

शेलूबाजारच्या फाट्यावर मंजू जीपमधून उतरली तेव्हा पाठीवरची पिशवी तिच्याहून जड दिसत होती. पिशवीत कॅमेरा होता, रेकॉर्डर होता, लॅपटॉप होता आणि लॅपटॉपात, ती मुंबईत चारचौघांत म्हणायची तसं, देशाचा इतिहास होता. आता देशाचा इतिहास आणला म्हणून काही जीपवाला तांड्यापर्यंत सोडत नाही. ऊसतोडीच्या दिवसांत तिकडे सवारीच नसते. पुढचा रस्ता पायीच काढावा लागला.

या दिवसांत तांड्यात शिरलं की आधी दिसतात ती कुलपं. दिवाळी झाली की मुकादमाचा ट्रक येतो, आणि कोयता धरू शकणारं प्रत्येक माणूस त्यात बसून निघून जातं. मागे राहतात म्हातारी, शेळ्या आणि कुत्री. कुत्र्यांनी मंजूला ओळखलं नाही, ती भुंकत मागे लागली. तिचा भाऊ बादल आणि वहिनी कोल्हापूरकडे ऊस तोडत होते. आई, ललिताबाई, वारून दोन वर्षं झाली होती. घराची किल्ली भुरीबाईकडे होती.

भुरीबाई ही ललिताबाईची सख्खी मावशी, तेव्हा मंजूला ती आजीच. आरशांचा घागरा अजून नेसणाऱ्या तांड्यातल्या शेवटच्या दोन-तीन बायांपैकी ती एक. अंगणात तूर वाळत घातली होती आणि हातात काठी घेऊन ती शेळ्यांना हाकत बसली होती.

"ये वं," ती म्हणाली. "जीप भेटली का? चाय घेशीन?"

मंजूला हे लागलं. चहा नाही, भाषा. भुरीबाई माणसांशी, शेळ्यांशी आणि सेवालाल महाराजांशी गोरमाटीत, बंजाऱ्यांच्या बोलीत, बोलायची. वऱ्हाडी ही तिची बाजाराची भाषा. ती तिनं राखून ठेवली होती नर्सबाईसाठी, मीटर बघायला येणाऱ्यासाठी, आणि आता मंजूसाठी. पण तक्रार कुठल्या तोंडानं करणार? सहाव्या वर्षी आश्रमशाळेत टाकलेल्या पोरीची गोरमाटी तिथेच झिजली. ऐकलेलं निम्मंशिम्मं कळायचं, बोलायला गेलं की जीभ अडखळायची.

मंजू काय काम करते हे समजावून सांगणं हा एक तापच होता. तांड्यात सगळे म्हणत, सिनेमात हाय. त्या सिनेमात ना गाणं, ना हिरो. ती जुनी सरकारी रिळं शोधून काढायची. धरणांची उद्घाटनं, दिल्लीतली संचलनं, लस टोचून घेणारी रडवेली मुलं, नसबंदीच्या शिबिरांतल्या रांगा. ती रिळं कापायची, हळू करायची, एकाला दुसरं जोडायची आणि अंधाऱ्या दालनात भिंतींवर लावायची. देशानं स्वतःचे जे फोटो काढून घेतले ते देशालाच पुन्हा नीट दाखवायचे, असं तिचं म्हणणं होतं. बघायला येणारी माणसं मान तिरकी करून उभी राहत आणि बाहेर पडल्यावर कॉफी पीत.

या वेळचं काम मोठं होतं. नाव होतं 'टंचाई'. एका भिंतीवर रॉकेटं आणि रणगाडे, दुसऱ्या भिंतीवर फिती कापणारे हात आणि तिसऱ्या भिंतीवर बहात्तरच्या दुष्काळातल्या दोन बाया. हे रीळ तिला एका संग्रहात सापडलं. सुरुवातीच्या पाटीवर मंगरूळपीर तालुका असं वाचून तिनं ते तिथल्या तिथे मागून घेतलं होतं. तलावाच्या बांधाचं काम चालू आहे, माती वाहणारी माणसं आहेत, आणि मध्येच दोन बंजारा बाया एकमेकींच्या गळ्यात पडून तोंड उघडं टाकून रडताहेत. वरून एक पुरुष जड हिंदीत सांगतोय की अकालानं मातांच्या डोळ्यांत अश्रू आणले आहेत, पण शासन जागं आहे. मंजूनं त्या माणसाचा आवाज काढून टाकला. चित्र हळू केलं, मोठं केलं, इतकं मोठं की सगळ्या भिंतीवर फक्त ते दोन चेहरे उरले. मुंबईतल्या प्रदर्शनाची संयोजक बाई ते बघून डोळे पुसत म्हणाली होती, "इथे आवाज हवा गं. खरा आवाज. तू तर तिथलीच आहेस." 

म्हणून मंजू आली होती. त्या वर्षी मातीकामावर गेलेली एखादी म्हातारी गाठायची, तिला दुष्काळाचं दुःख विचारायचं, तिचा आवाज घ्यायचा आणि प्रदर्शनाआधी परत जायचं. त्या आवाजाशिवाय काम लंगडं होतं. एवढ्यासाठीच आलो, असं ती वाटभर स्वतःला बजावत आली होती.

उन्हात लॅपटॉपवर काही दिसेना. तूर सोडून घरात यायला भुरीबाई तयार नव्हती. शेवटी मंजूनं गोधडी आणली आणि दोघी डोक्यावरून ती ओढून अंगणातच बसल्या. भुरीबाईनं शेळ्यांसाठी एका बाजूनं फट ठेवली. आत तंबाखूचा, धुराचा आणि जुन्या लुगड्यांचा वास होता.

पडद्यावर ते दोन चेहरे आले. भुरीबाईनं नाक पडद्याला लावलं. मंजूला वाटलं, आता हिचा बांध फुटणार, रेकॉर्डर आधीच चालू करायला हवा होता. आणि भुरीबाई फिसकन हसली.

"हे तं भागिरथा," ती म्हणाली. "मायी बहीन. अन् हे मी. पाह्य ना, दात कसे दिसून राह्यले माये."

"तू? आजी, ही तू आहेस?"

"मंग कोन? नाकातली फुली पाह्य."

भागिरथा म्हणजे ललिताबाईची आई. मंजूची खरी आजी. ती मंजूच्या जन्माआधीच वारली होती आणि तिचा कागदाच्या चिटोऱ्यावरही फोटो नव्हता. मंजू किती तरी महिने तो चेहरा पडद्यावर मागेपुढे करत बसली होती, आणि तिला आतून काही म्हणजे काही जाणवलं नव्हतं.

"उपाशी होता ना तेव्हा," ती कसंबसं म्हणाली. "म्हणून रडत होता?"

"उपास तं होताच वं. पन उपासाले कोन रडते? उपाशी मानूस गप पडून राह्यते." भुरीबाईनं गोधडीबाहेर काठी काढून एक शेळी हाकलली. "हे भेटीचं रडनं हाय. भागिरथाले केनवडकडं देल्ती, मले इकडं. लय सालं भेटच नाई. त्या कामावर तिच्या तांड्याची टोळी आली अन् पाह्यतो तं काय, भागिरथा. लय खुश होतो आमी त्या दिशी."

भेटीचं रडणं तिला माहीत नव्हतं असं थोडंच. बंजाऱ्यांच्या बाया खूप दिवसांनी भेटल्या की गळ्यात गळा घालून सुरात रडतात. रडता रडता सगळ्या खबरा सांगतात, कोण गेलं, कोणाला काय झालं, कोणाच्या घरी पाळणा हलला. एकीचं झालं की दुसरी सांगते. मग डोळे पुसतात आणि हसत चुलीकडे जातात. लहानपणी मंजूनं हे कितीदा अनुभवलं होतं. पण लहान पोराला बायांचे चेहरे कुठले दिसायला? तिचं नाक घागऱ्यांत चेंगरलेलं असायचं, आरसे गालाला टोचायचे आणि वरून तो सूर यायचा. तिची ओळख होती ती सुराशी. सूर सरकारनं आपल्या भाषणाखाली दाबला, मंजूनं भाषण काढून तिथे शांतता भरली, आणि त्याच घागऱ्यांत वाढलेली पोर मुंबईच्या लोकांना आपल्याच आजीचा आनंद देशाचं दुःख म्हणून दाखवायला निघाली. तिला स्वतःची अशी चीड आली की गोधडी फेकून पळून जावंसं वाटलं.

भुरीबाई अजून पडद्याला नाक लावून बसली होती. "पन लेकरू कुठी गेलं?"

"कुठलं लेकरू?"

"भागिरथाच्या काखेत होतं ना. मधात चेंगरून राह्यलं होतं. तुयी माय."

मंजूनं मूळ रीळ उघडलं, न कापलेलं. चौकट मोठी झाली, चेहरे लहान झाले, आणि खाली, दोन बायांच्या मधोमध, जावळाचं एक डोकं दिसलं. चेहरे मोठे करताना हे डोकं मध्ये येतं म्हणून तिनं स्वतःच ते छाटलं होतं. तेव्हा ती त्याला चित्रातला अडथळा म्हणाली होती. लेकरू वैतागलं होतं. एका हातानं आईच्या बांगड्या ओढत होतं. दोन्ही बायांचे डोळे मिटलेले, आणि ते एकटं लेकरू डोळे वटारून सरकारी कॅमेऱ्याकडे बघत होतं.

"ललिता," भुरीबाई म्हणाली आणि पडद्यावरच्या डोक्यावरून बोट फिरवलं.

मंजूला रडू यायला हवं होतं. आलं नाही. ती ते थोडकं चित्र पुन्हा पुन्हा चालवत राहिली आणि तिच्या मनात एवढंच आलं की हे सांगायला मला जगात कोणी नाही. मुंबईत सांगितलं तर लोक म्हणतील, वा, किती सुंदर. इथे ज्यांना कळलं असतं ती सगळी उसाच्या फडात होती, किंवा राख झाली होती.

पण कामाची सवय वाईट. थोड्या वेळानं तिनं रेकॉर्डर बाहेर काढलाच. "आजी, तेव्हा रडताना काय म्हणाला होतात दोघी? ते पुन्हा म्हणशील? तसंच?"

भुरीबाईनं प्रयत्न केला, बिचारीनं मनापासून केला. ओढणी सारखी केली, घसा खाकरला, सूर लावला. दोन ओळी म्हणून तिला हसू आलं, मग खोकला. "नाई वं जमत. मशिनीच्या गळ्यात पडू का?"

"माझ्या गळ्यात पड मग," मंजू सहज म्हणाली.

भुरीबाई हसली नाही. "आल्ती ना पडाले. तुयी माय गेली तवा. मी हात पसरून आली अन् तू खाली वाकली, पाया पडली. आता वाकलेल्या मानसाच्या गळ्यात कसं पडाव?"

मंजूला तो दिवस आठवला. ती भाड्याच्या गाडीतून उतरली होती. आश्रमशाळेत शिकवलेलं अंगी मुरलेलं, मोठी माणसं दिसली की वाकायचं. एकेक बाई पुढे आली, मंजू एकेकीच्या पाया पडली, आणि बायांनी आशीर्वादाचा हात तिच्या डोक्यावर ठेवला. कोणी जवळ घेतलं नाही. परतीच्या वाटेवर तिनं मनात धरलं होतं की आपल्याच माणसांनी आपल्याला परकं केलं. दोन वर्षं तिनं तो राग मुंबईत सांभाळून ठेवला होता. आणि इथे एक म्हातारी दोन वर्षं ते रडणं छातीत धरून बसली होती.

कॅमेरा घेऊन ती तलावाकडे निघून गेली.

तलावात पाणी बरं होतं. बांधावर बाभळी वाढल्या होत्या. रिळात जिथे दोघी उभ्या होत्या ती जागा शोधायची म्हणून ती बांधावरून इकडून तिकडे चालली, पण माती वाहिलेल्या जागेला खूण कसली राहणार? वाऱ्याचा आवाज घ्यायचा म्हणून तिनं रेकॉर्डर गळ्यात अडकवून चालू केला आणि तो बंद करायचं विसरली. ऊन कलायला लागलं तशी ती परत फिरली.

चढ चढून वर आली तर भुरीबाई वाटेत उभी होती. तूर उघडी टाकून, काठी टाकून, हात पसरून. 

मंजूची पाठ सवयीनं वाकायला लागली. ती तिनं ताठ केली. हे तिला जड गेलं, पण केलं.

भुरीबाई तिच्या गळ्यात पडली आणि रडायला लागली. तो सूर मंजूच्या कानाशीच उठला, लांबलचक, वर चढून खाली येणारा. शब्द गोरमाटी, भराभर, श्वासात अडकलेले. त्यातलं ललिता तेवढं कळलं, भागिरथा कळलं. बाकीचं डोक्यावरून गेलं. मंजू हात भुरीबाईच्या पाठीवर ठेवून उभी होती, खांब उभा असतो तशी. मध्येच भुरीबाई गप्प झाली. मंजूला वाटलं, संपलं. बरंच थांबून म्हातारीनं दोन शब्द म्हटले आणि पुन्हा सूर धरला.

मग ती बाजूला झाली, ओढणीनं आधी मंजूचा चेहरा पुसला, जो कोरडाच होता, आणि मग आपला. तूर भरायला घेतली आणि चहा टाकायला सांगितलं. ते तिनं गोरमाटीत सांगितलं. 

मुंबईत परतल्यावर मंजूला कळलं की रेकॉर्डर चालूच होता. आवाज इतका स्वच्छ आला होता की मुद्दाम ठरवूनही तसा आला नसता. संयोजक बाईला हवा होता तो अगदी हाच. पण त्यात म्हटलं काय आहे ते तरी कळायला नको? तिनं बादलला फोन लावला. तो फडात ट्रक भरायची वाट बघत बसला होता. मागे माणसांचा कालवा, उसाची सळसळ.

तिनं फोन स्पीकरपाशी धरून सगळं ऐकवलं. मागचा कालवा दूर गेला, बादल फोन घेऊन बाजूला आला असावा.

"आहेस का?" तिनं विचारलं.

"हाव." तो म्हणाला. "भुरीआजी हाय. आपल्या मायले सांगून राह्यली. म्हनते, ललिते, तुयी लेक आली, पायी आली. म्हनते, तापात तू एकडाव बी म्हटलं नाई का मंजूले बलाव. मी म्हटलं तं मलेच दटावलं, म्हने तिचं काम अडन. पन दाराकडं पाह्यत राह्यली. म्हनते, भागिरथा तुया आधी गेली, तिथी तुमी दोघी भेटल्या असान. मी एकटी उरली. आता मी कोनाच्या गळ्यात पडू." 

"मग?"

"मंग काय, इथी ती थांबली. तुयी पाळी होती."

"माझी?"

"अवं, ती आपलं सांगून थांबते, मंग समोरचीनं सांगाचं असते. काहून नाई बोलली तू?"

"मला शब्द येत नव्हते, बादल."

"शब्द कोनाले येतात? मायले हाक मारतो तसं याडी म्हनून सुरू करा लागते. पुढचं येते." ट्रक आल्याची आरोळी झाली. "ठेवतो," तो म्हणाला, आणि फोन बंद झाला.

दुसऱ्या दिवशी तिनं संयोजक बाईला सांगून टाकलं. चेहरे मोठे करणार नाही. पूर्ण चौकट, रिळात आहे त्या गतीनं. आणि आवाज नाही.

"आवाज मिळालाच नाही?" बाई हिरमुसली.

"मिळाला. पण तो अजून अर्धाच आहे."

"आणि चेहरे असे लहान केले तर भिंतीवर राहतं काय?"

"एक लेकरू आहे," मंजू म्हणाली.

फोन ठेवला तेव्हा भर दुपार होती. संपादनाची खोली म्हणजे भाड्यानं घेतलेली एक कोंदट जागा. खिडकीखाली हॉर्न वाजत होते आणि शेजारच्या टेबलावर कोणी नव्हतं. या खोलीत ती इतकी वर्षं बसली होती, पण तिला भेटायला म्हणून इथे कधी कोणी आलं नव्हतं. आलं असतं तरी हात पुढे करून हाय म्हणालं असतं. तिनं कानांवर हेडफोन चढवले आणि पडद्यावर ते रीळ लावलं, दोन बाया आणि त्यांच्या मध्ये डोळे वटारलेली ललिता.

भुरीबाईचा सूर सुरू झाला. दारापर्यंत आला, भागिरथापर्यंत आला, कोनाच्या गळ्यात पडू म्हणाला आणि थांबला. हेडफोनात वारा होता, आणि एका म्हातारीचा धाप लागलेला श्वास. ती वाट बघत होती.

"याडी," मंजू म्हणाली.

पुढचं आलं नाही. श्वास संपला, आवाज पुढे निघून गेला. तिनं तो मागे घेतला आणि पुन्हा लावला.

"याडी," ती म्हणाली, आणि या खेपेला थांबली नाही. निम्मी गोरमाटी, निम्मी मराठी, जे तोंडाला येईल ते. मी उशिरा आले. दाराकडे बघत होतीस ते मला आता कळलं. केस कापलेत, तुला आवडले नसते. इथे मी एकटी असते गं, आजारी पडले तरी कोणाला कळत नाही. चित्रात तुझं डोकं मध्ये येत होतं म्हणून मी तुला कापून टाकलं होतं, आता परत घेतलंय. आपला आवाज वर चढतोय, लांबतोय, सूर धरतोय, हे तिला जाणवलं तेव्हा तिचे गाल भिजलेले होते आणि हात समोर उचललेले होते. तिथे कोणीच नव्हतं.

तिचं सांगून संपलं. हेडफोनात भुरीबाईनं श्वास घेतला.

"हो बाई, हो," ती म्हणाली, आणि पांढऱ्या शेळीला दोन पिल्लं झाल्याची खबर सांगायला लागली.